नऊ जोड बूट दाराबाहेर

बर्फातल्या जंगलात लोकांना फिरवून आणण्याचं काम माझ्याकडे आलं ते माझ्या तक्रार करण्याच्या सवयीमुळे. तीन हिवाळ्यांपूर्वी मुलीने वाढदिवसाला मला एका स्नोशू वॉकचं बुकिंग दिलं. मुलगी इथेच कॅनडात, वॉटर्लूला शिकते. मी मराठीत बोलते, ती इंग्रजीत उत्तर देते, आणि भेटी अशा निवडते की आईला घराबाहेर पडावंच लागतं. तर मी गेले. आमचा गाइड गोड माणूस होता, पण दोनदा वाट चुकला आणि परत निघताना माणसं मोजायला विसरला. आल्याबरोबर मी ते वॉक चालवणाऱ्या मालकाला गाठलं आणि सात मुद्दे सांगितले. मी वॉनमधल्या एका गोदामात डिस्पॅच बघते. ट्रक वेळेवर दाराबाहेर काढणं हा माझा रोजचा धंदा, त्यामुळे मुद्दे काढायला मला वेळ लागत नाही. मालकाने सातही शांतपणे ऐकले आणि म्हणाला, "मग तूच का करत नाहीस?"

तो चेष्टेने म्हणाला असावा. मी फोनमधलं कॅलेंडर उघडलं.

स्नोशू म्हणजे बुटाखाली बांधायची टेनिसच्या रॅकेटसारखी पसरट चौकट. ती बांधली की गुडघाभर भुसभुशीत बर्फातही माणूस बुडत नाही. चालायला सोपं असतं. फक्त पाय जरा फाकून टाकायचे, स्वतःच्याच रॅकेटवर पाय द्यायचा नाही, आणि उलट्या पावली मागे यायचं नाही. एवढ्या तीन गोष्टी सांगितल्या तरी दर गटात दोघंतरी पहिल्या पाच मिनिटांत बसकण मारतातच.

दोन हिवाळे मी रांगेच्या शेवटी चालून काम शिकले. प्रथमोपचाराचा कोर्स केला, नकाशा शिकले, हाताने फिरवायच्या मोठ्या गिरमिटाने तळ्याच्या बर्फाला भोक पाडून जाडी मोजायला शिकले. शेवटची पायरी राहिली होती: आठ नवख्या माणसांना एकटीने गोठलेल्या तळ्यापर्यंत नेऊन परत आणायचं. मालक मागून चालणार, तोंड उघडणार नाही, वहीत लिहिणार. पास झाले तर या हिवाळ्यापासून शनिवार-रविवार माझे. नाही झाले तर पुढच्या हिवाळ्यापर्यंत थांबायचं, कारण परीक्षेसाठी त्याच्याकडे जानेवारीतला शेवटचा शनिवार तेवढा शिल्लक होता. मला ते काम हवं होतं. पाच दिवस मी खिडकी नसलेल्या ऑफिसात बसून ड्रायव्हर लोकांवर ओरडते. उरलेले दोन दिवस झाडांमध्ये आणि कमी ओरडून जावेत, एवढीच इच्छा. आणि त्रेपन्नाव्या वर्षी 'पुढच्या वर्षी बघू' म्हणायला गुडघ्यांची परवानगी लागते.

अडचण एकच होती. आठ नवखी माणसं मीच गोळा करायची होती. नवऱ्याला विचारलं, तर तो म्हणाला, "मी बेसमेंटमधून तुला पूर्ण पाठिंबा देतो." गोदामातले लोक म्हणाले, शनिवारी थंडीत फिरायला आम्ही वेडे आहोत का. शेवटी मी जावेला फोन केला.

जाऊबाई माझ्या थोरल्या दिरांची बायको. माझ्यापेक्षा अकरा वर्षांनी मोठ्या, आणि आमच्या दहा वर्षं आधी कॅनडात आलेल्या. आम्ही आलो तेव्हा पहिली दोन वर्षं त्यांच्याच बेसमेंटमध्ये राहिलो. ग्रोसरी कुठे घ्यायची, विंटर टायर कधी लावायचे, ड्राइव्हवेवरचा बर्फ शोव्हल करताना कंबर कशी सांभाळायची, सगळं मला त्यांनी शिकवलं. अजूनही शिकवतात. त्यांनी सांगायचं आणि मी 'हो वहिनी' म्हणायचं, हा आमचा पंचवीस वर्षांचा रिवाज. त्यात कुणाची तक्रार नव्हती, म्हणजे माझी होती, पण ती मी नवऱ्यापाशी करत असे.

"आठ बायका ना? एका फोनचं काम," त्या म्हणाल्या. "नाहीतरी माझं हळदीकुंकू राहिलंय. दरवर्षी बेसमेंटमध्ये करून कंटाळा आला. या वर्षी तळ्यावर करू."

"वहिनी, ही माझी परीक्षा आहे."

"अगं मग चांगलंच की. शुभ दिवस आहेत. रथसप्तमी व्हायचीये अजून. तू तुझं चालव, मी माझं चालवते."

इथेच मला समजायला हवं होतं.

शनिवारी सकाळी पार्किंगमध्ये आठही जणी वेळेवर हजर झाल्या. तेवढ्यानेच मी बिचकले. संक्रांतीचं काळं म्हणून सगळ्यांनी काळी जाकिटं आणि काळ्या स्नोपँट घातल्या होत्या. एकीने काळ्या टोपीला हलव्याची माळ गुंडाळली होती. वाटेत एखाद्या खारीने ती ओढून नेली असती तर मी चकित झाले नसते. मालकाने त्यांच्याकडे बघितलं आणि मला हळूच विचारलं, "कुणी वारलंय का?"

"सण आहे," मी म्हटलं.

त्याने वहीत काहीतरी लिहिलं. सुरुवातच झाली.

मी नियम सांगितले. माझ्यापुढे कुणी जायचं नाही. मागे मालक आहेत, त्यांच्यामागे कुणी राहायचं नाही. मधे एक लाकडी झोपडी लागेल, तिथे शेगडी आहे, तिथे विश्रांती. आणि सगळ्यात महत्त्वाचं, दुपारी दीड वाजता आपण जिथे असू तिथून मागे फिरायचं. तळं आलेलं असो वा नसो. दुपारनंतर वाऱ्याबरोबर बर्फ यायचा अंदाज होता आणि हा मालकाचा सगळ्यात कडक नियम होता.

"मराठी मंडळाचा दीड का खराखुरा दीड?" एकीने विचारलं.

"खराखुरा."

"बापरे," ती म्हणाली.

पहिला अर्धा तास ठरल्याप्रमाणे गेला, म्हणजे तिघी पडल्या. जाऊबाई पडल्या नाहीत. त्या माझ्या इतक्या मागे लागून चालत होत्या की त्यांचं रॅकेट माझ्या रॅकेटच्या शेपटीवर पडायचं आणि मी तोंडावर आपटायची बाकी राहायची.

"वहिनी, जरा अंतर ठेवा."

"तू जरा भरभर चाल."

मागून मालकाच्या पेन्सिलीचा आवाज येत होता. निदान मला तसं वाटत होतं. उणे एकोणीस तापमानात हातमोजे घालून माणूस किती लिहिणार?

जंगल मात्र त्या दिवशी छान होतं. देवदारांच्या फांद्या बर्फाने वाकलेल्या, आवाज कशाचाच नाही, म्हणजे आमचा सोडून. सशाच्या पावलांचे ठसे दाखवले तर बायकांनी फोटो काढले. मूस नावाच्या मोठ्या सांबराने खरवडलेली साल दाखवली तर एकीने विचारलं, "ही मसाल्यातली दालचिनी का?" दुसरी म्हणाली, "काढून घेऊ का थोडी?" मी नको म्हटलं. जाऊबाई म्हणाल्या, "घे गं, थोडीशीच." मी पुन्हा नको म्हटलं. बाई थबकली, आधी माझ्याकडे बघितलं, मग जाऊबाईंकडे, आणि मग सालीला हात घातला. आज माझी परीक्षा कशात आहे ते मला तिथे नीट समजलं. वाट मला पाठ होती, तळं कुठे पळून जाणार नव्हतं. आठ बायकांनी कुणाचं ऐकायचं हा प्रश्न होता, आणि त्यांचं उत्तर ठरलेलं दिसत होतं.

सव्वाबाराला आम्ही झोपडीपाशी पोहोचलो. एका खोलीची, दोन पायऱ्यांची झोपडी, आत लाकडाची छोटी शेगडी आणि भिंतीकडेने बाकं. तिथून तळं खाली उतारावर, दाट झाडांच्या पलीकडे. आमच्या चालीने पंधरा मिनिटं. गट आत विश्रांती घेतो तेव्हा गाइडने पुढे जाऊन बर्फ तपासायचा, ही पद्धत आहे. मी शेगडी पेटवली, सगळ्यांना बसायला सांगितलं, एक वॉकीटॉकी मालकाच्या हातात दिला, दुसरा कमरेला लावला आणि गिरमिट खांद्यावर टाकून निघाले.

तळ्यावर काम चोख झालं. काठाशी एक, आत दोन अशी तीन भोकं पाडली, जाडी मोजली. बर्फ हातभर जाड होता, आमच्या नियमाच्या दुपटीहून जास्त. कुठे पाणी वर आलेलं नव्हतं. हळदीकुंकवासाठी वारा न लागणारी एक जागासुद्धा मी बघून ठेवली, लाल झेंडी रोवली, आणि स्वतःवर खूश होत परत चढले.

बारा पन्नासला झोपडी दिसली. पायऱ्यांवर, अगदी रांगेत, जोडीला जोडी लावून, नऊ जोड बूट ठेवलेले होते.

छपरावरचा भुसभुशीत बर्फ वाऱ्याबरोबर खाली झडत होता आणि नेमका बुटांत पडत होता. मी एक उचलला. दीड तास चालून पायाला आलेला घाम आतल्या अस्तरात गोठून टणक झाला होता. लेसा कुरडईसारख्या उभ्या राहिल्या होत्या.

दार उघडलं. आत बाकावर पर्समधला इवलासा गणपती बसवलेला, त्याच्यापुढे हळदीकुंकवाचं तबक, तिळाच्या वड्या, फॉइलमध्ये बांधलेल्या गुळाच्या पोळ्या. आठ जणी जमिनीवर प्लॅस्टिकच्या चटईवर लोकरीचे मोजे घालून मजेत बसल्या होत्या. आणि त्यांच्यात मांडी घालायचा प्रयत्न करत, तिळाची वडी चघळत, मालक बसला होता. त्याच्याही पायात बूट नव्हते. डाव्या मोज्यातून अंगठा बाहेर आला होता.

"बूट बाहेर कुणी ठेवायला सांगितले?" मी विचारलं.

"मी," जाऊबाई म्हणाल्या. "समोर देव आहे. देवापुढे बूट घालून बसायचं?"

"मग दाराच्या आत ठेवायचे."

"आत किती चिखल झाला असता. आणि देवळात आपण बूट आत नेतो का कधी?"

मी मालकाकडे वळले. तीस वर्षं हा माणूस हिवाळ्यात जंगलात राहिलाय. बूट उबदार ठेवणं ही त्याची पहिली शिकवण. "तू तरी का काढलेस?"

तो ओशाळला. "मला वाटलं, धर्माचं काहीतरी आहे. सगळ्यांनीच काढले. मी एकटाच घालून बसलो तर बरं दिसलं नसतं. आणि मला आज बोलायची परवानगी नाही."

"खायची आहे वाटतं," मी म्हटलं, पण मराठीत.

परिस्थिती अशी होती. नऊ जोड बूट गोठलेले, शेगडी चार ढलप्या मावतील एवढी, आणि घड्याळात एक वाजायला आठ मिनिटं. बूट शेगडीला टेकवले तर तळव्याचा गोंद सुटतो. तसेच घातले तर बोटं जातात. मी आधी सगळे बूट आत घेतले, उलटे करून बर्फ झाडला, निघणारी अस्तरं काढून शेगडीवरच्या दोरीवर टांगली. हात गरम ठेवायच्या पुड्या माझ्याजवळ सहा जोड्या होत्या, त्या सहा जणींच्या बुटांत घातल्या. उरलेल्या तीन जोडांसाठी पातेल्यात बर्फ वितळवून पाणी तापवलं आणि पाण्याच्या बाटल्या भरून बुटांत खोचल्या.

"बाटल्या कमी पडतील," एक म्हणाली. "गुळाच्या पोळ्या गरम करून घालूया का? फॉइलमध्येच आहेत."

जाऊबाईंनी तिच्याकडे असं बघितलं की ती पुढची दहा मिनिटं अस्तरंच मोजत बसली.

मग जाऊबाई उठल्या. दोरीवरून आपलं अस्तर ओढलं, बुटात कोंबलं आणि पाय घालायला लागल्या.

"वहिनी, अजून नाही."

"अगं, पायाच्या उबेने विरघळेल. काही होत नाही. आपण तळ्यावर जाऊ, पाच मिनिटांत हळदीकुंकू करू आणि परत येऊ. चला गं, उठा सगळ्या."

आणि सगळ्या उठायला लागल्या. मालकाने वही उघडली.

मी गोदामात जो आवाज वापरते तो घरी कधी वापरत नाही. रिव्हर्स घेणाऱ्या ट्रकच्या मागे माणूस उभा असला की तो आवाज निघतो. त्या दिवशी तो निघाला.

"वहिनी! खाली बसा. बूट काढा. बाकीच्यांनीही खाली बसायचं. मी सांगेपर्यंत कुणीही बुटाला हात लावायचा नाही."

पंचवीस वर्षांत मी त्यांना 'हो वहिनी' सोडून फारसं काही म्हटलं नव्हतं, आणि आज बोलले तेही संक्रांतीच्या दिवसांत, सगळ्यांनी गोड बोलायचं त्या दिवसांत. जाऊबाई माझ्याकडे बघत राहिल्या. मी नजर हटवली नाही.

त्या बसल्या. बूट काढला.

"तू म्हणालीस म्हणून नाही," त्या म्हणाल्या. "गुडघा दुखतोय म्हणून."

"चालेल," मी म्हटलं.

बाकीच्या सात जणी त्यांच्याआधीच बसल्या होत्या.

बूट घालण्याजोगे झाले तेव्हा एक पंचवीस झाला होता. मी प्रत्येकीच्या बुटात हात घालून बघितला, मालकाच्यासुद्धा. मग सांगितलं, "आता आपण परत निघतोय."

"परत?" चारपाच जणी एकदम म्हणाल्या. "तळं इथेच आहे ना?"

"पंधरा मिनिटांवर."

"मग?"

"दीड वाजतोय."

"अगं, एवढं इथवर येऊन तळ्याला पाय न लावता जायचं?" ही हलव्याची माळवाली. "लोकांना काय सांगू? झोपडीत बसून आले म्हणून?"

"हो. आणि पायाची दहा बोटं घेऊन आले म्हणून सांगा."

सगळ्यांनी जाऊबाईंकडे बघितलं. जाऊबाई गणपती रुमालात गुंडाळत होत्या. वर न बघता म्हणाल्या, "ती सांगतीये ना? झेंडीसुद्धा लावून आलीये बिचारी, तिला काय हौस आहे का परत फिरायची? चला."

खरं सांगायचं तर होती हौस मला, पुढे जायची. तीन भोकं पाडलेला तो बर्फ आमच्या दसपट बायकांना पेलला असता. पण दीड म्हणजे दीड.

परतीची वाट उताराची आणि सोपी. अंदाजातला बर्फ आला नाही. उलट असं लख्ख ऊन पडलं की आठही जणींनी जाकिटाच्या चेनी खाली ओढल्या. जाऊबाई माझ्या मागे, पण या वेळी अंतर ठेवून. दर दहा मिनिटांनी "ऊन काय छान पडलंय नाही?" एवढंच म्हणायच्या. मी "हो वहिनी" म्हणायची. कुणी पडलं नाही. मी चार वेळा माणसं मोजली, चारही वेळा नऊ भरली.

पार्किंगमध्ये सगळ्या जणी रॅकेटं सोडत होत्या तेव्हा मालकाने मला बाजूला बोलावलं. वही उघडली. वाट, वेग, बर्फाची तपासणी, मागे फिरण्याची वेळ, सगळ्यांपुढे बरोबरची खूण होती. एक चौकट कोरी होती.

"गटाला एकटं सोडून जाण्याआधी काय करायचं आणि काय नाही ते सांगायचं असतं," तो म्हणाला. "तू बसा म्हणालीस आणि गेलीस."

तो बरोबर होता. शिकवताना त्याने मला हे सांगितलंही होतं. पण बूट पायातच ठेवा, हे मोठ्या बायकांना सांगावं लागेल असं माझ्या डोक्यात आलं नाही. आणि त्याहून खरं म्हणजे, जाऊबाईंना काय नाही करायचं हे सांगायला माझी जीभ वळली नसती.

एवढ्यात जाऊबाईच तिथे आल्या. चौकटीकडे बघितलं, समजल्या. आणि सरळ त्याच्यासमोर उभ्या राहून इंग्रजीत म्हणाल्या की चूक माझी आहे, बूट मी काढायला लावले, हिचा त्यात काही संबंध नाही, नापास करायचं तर मला करा.

मी लग्न होऊन या घरात आले तेव्हापासून जाऊबाईंच्या तोंडून 'चूक माझी' हे शब्द मराठीत ऐकले नव्हते. इंग्रजीत ते त्यांना सोपे गेले असावेत.

"गिऱ्हाइकांना नापास करता येत नाही," मालक म्हणाला. "आणि माझेही बूट बाहेरच होते." तो जरा वेळ पेन्सिल चावत राहिला. मग मला म्हणाला, "तिथे सांगायचं होतंस ते आत्ता सांग. मला नको, त्यांना सांग. त्यांच्या भाषेत. मी ऐकतो."

"तुला समजणार नाही."

"मी त्यांचे चेहरे बघीन."

मग मी आठही जणींना एका रांगेत उभं केलं. दोघींच्या हातात थर्मास होते, एकजण टिकली शोधत होती. मी म्हटलं, "इकडे बघा." आवाज गोदामाचा नव्हता, पण त्याच्या शेजारचा होता. मी म्हटलं की मी पुढे जाईन तेव्हा कुणी झोपडीबाहेर पडायचं नाही. शेगडीला काही टेकवायचं नाही. घाम आला तरी बूट काढायचे नाहीत. समोर देव असो, मी असो नाहीतर वहिनी असोत, बूट पायातच. देवाला मी समजावीन. काही लागलं तर वॉकीटॉकीवर मला विचारायचं, एकमेकींना नाही.

शेवटचं वाक्य मी जाऊबाईंकडे बघून बोलले. त्यांनी मान हलवली. बारीकशी, पण हलवली.

मालक पुढे आला आणि बायकांना विचारलं, "ती काय म्हणाली?"

आठ जणी एकदम बोलायला लागल्या. शेगडी, बूट, बाहेर नाही, वॉकीटॉकी. हलव्याची माळवाली म्हणाली की पुढच्या शनिवारी तळं दाखवणार म्हणाली, जे मी म्हटलंच नव्हतं. त्याने हात वर केला आणि जाऊबाईंकडे वळला. "तुम्ही सांगा."

"ती म्हणाली, आत देव असला तरी बूट काढायचे नाहीत," जाऊबाई म्हणाल्या. "मी आमच्या गुरुजींना एकदा विचारणार आहे. पण ते काही म्हणाले, तरी तिथे तिचंच ऐकायचं."

मालकाने कोऱ्या चौकटीत खूण केली, खाली सही केली, पान फाडून माझ्या हातात दिलं आणि जाऊबाईंना विचारलं, त्या तिळाच्या वड्या अजून शिल्लक आहेत का.